शपथ नाकारणारी शपथ: निष्पक्ष संशोधन प्रत्यक्षात कसं चालतं?

‘बाबावाक्यं प्रमाणम्’ हे शब्द मराठीत कुणी कौतुकाने वापरत नाही. थोरांनी सांगितलं एवढ्यावर गोष्ट खरी मानणाऱ्याला आपण ते ऐकवतो. लंडनमधल्या एका विद्वत्सभेने नेमकी याच्या उलट भूमिका आपल्या मानचिन्हावर कोरून ठेवली, आणि साडेतीनशेहून अधिक वर्षांनंतरही ती तिथे आहे. त्या सभेचं नाव रॉयल सोसायटी. तिचं लॅटिन ब्रीद आहे ‘नुलियस इन वर्बा’. शब्दशः अर्थ: कुणाच्याही शब्दावर नाही.

शब्द तीनच आहेत, पण त्यांच्यामागे एक मोठी ओळ आहे. रोमन कवी होरेस एका पत्रकाव्यात म्हणतो, की मी कोणत्याही गुरूच्या शब्दांवर शपथ घ्यायला बांधलेला नाही. तिथे ‘बांधलेला’ या अर्थी जो लॅटिन शब्द आहे तो दुसऱ्याच्या ताब्यात गेलेल्या, गुलामासारख्या माणसासाठी वापरत. आखाड्यात झुंजणारा ग्लॅडिएटर मालक सांगेल त्या शब्दांत शपथ घ्यायचा आणि मग त्याच्यासाठी लढायचा. मी तसा नाही, असं कवी सांगतो. म्हणून हे ब्रीद वाचताना मला ती एक विलक्षण शपथ वाटते: दुसऱ्या कुणाच्या वतीने शपथ न घेण्याची शपथ.

आपण कुणाचे बांधील नाही असं म्हणायला फारसे कष्ट पडत नाहीत. ते पाळायचं कसं, हा खरा प्रश्न आहे, आणि हा लेख त्याबद्दल आहे. निष्पक्षपणा म्हणजे मन स्वच्छ करून बसणं, अशी आपली साधारण समजूत असते. संशोधनाच्या इतिहासातून मला दिसतं ते वेगळं आहे. ज्यांनी ही शपथ खऱ्या अर्थाने पाळली, त्यांनी आपलं मन स्वच्छ नाही हे आधीच गृहीत धरलं आणि कामाची मांडणीच अशी केली की मनाला हात मारायला जागा उरू नये.

कोळी आणि शिंगाची पूड

२८ नोव्हेंबर १६६० रोजी लंडनच्या ग्रेशम कॉलेजात ख्रिस्तोफर रेनचं खगोलशास्त्रावरचं व्याख्यान झालं. ते संपल्यावर बारा जण मागे थांबले आणि प्रयोगांतून ज्ञान वाढवणारी एक सभा काढायचं त्यांनी ठरवलं. आपल्याकडे तेव्हा पुण्यात शाहिस्तेखानाचा तळ होता. इंग्लंड नुकतंच यादवी युद्धातून बाहेर पडलं होतं. १६४९मध्ये तिथे राजाचा शिरच्छेद झाला होता आणि १६६०च्या मे महिन्यात त्याच राजाचा मुलगा, दुसरा चार्ल्स, गादीवर परतला होता. (मुंबई ज्याला लग्नात आंदण मिळाली तो हाच. सभेला १६६२मध्ये पहिली सनद त्यानेच दिली.)

या बारा जणांत जॉन विल्किन्स होता, राजाविरुद्ध लढलेल्या क्रॉमवेलचा मेहुणा. सर रॉबर्ट मरे होता, राजाचा कट्टर माणूस. दहा वर्षांपूर्वी दोघे परस्परविरोधी बाजूंना उभे होते. अशी माणसं दर आठवड्याला एका खोलीत जमणार, तर बोलायचं कशाबद्दल? धर्म आणि राजकारण सभेबाहेर ठेवायचं ठरलं. मग टेबलावर उरला तो निसर्ग. एका देशाने मतभेदापायी रक्त सांडलेलं पाहिल्यावर ‘कुणाच्याही शब्दावर नाही’ हे सुचणं मला फार स्वाभाविक वाटतं. पुढाऱ्याच्या शब्दावर माणसं मारायला निघतात, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं होतं.

सभेचं सुरुवातीचं काम कसं चालायचं, याचा माझा आवडता नमुना १६६१ सालचा आहे. युनिकॉर्न या काल्पनिक एकशिंगी प्राण्याच्या शिंगाला विष उतरवण्याचा गुण असतो आणि त्याच्या पुडीचं रिंगण केलं तर कोळी ते ओलांडत नाही, असा पिढ्यान्‌पिढ्यांचा समज होता. ते शिंग म्हणून जे विकलं जाई तो बहुधा उत्तरेकडच्या नारव्हाल नावाच्या समुद्री प्राण्याचा दात असे. सभेत त्या पुडीचं रिंगण केलं आणि मधोमध कोळी सोडला. कोळी लगेच चालत बाहेर गेला. परत ठेवला, परत गेला. असं अनेकदा केलं. एकदा तो पुडीवर जरासा थबकला, तेही टिपणात लिहून ठेवलं आहे.

तो एकदाचा थबकणं लिहून ठेवणं मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं. दावा खोटा पडावा असं वाटणाऱ्या माणसाने ती नोंद सहज गाळली असती. दावा खरा ठरावा असं वाटणाऱ्याने फक्त तेवढीच ठेवली असती. वहीत दोन्ही आहेत, आणि काय समजायचं ते वाचणारा ठरवू शकतो.

हळूहळू याच पद्धतीची एक घडी बसली. प्रयोग सभेसमोर करून दाखवायचा, आणि त्यासाठी १६६२मध्ये रॉबर्ट हुक नावाचा हुशार माणूस नेमला गेला. ज्यांना तिथे हजर राहता येत नाही त्यांच्यासाठी उपकरण कसं होतं, काय केलं, काय फसलं, हे इतक्या बारकाईने लिहायचं की वाचणारा घरबसल्या साक्षीदार व्हावा. हवेच्या पंपावर काम करणारा रॉबर्ट बॉइल आपले फसलेले प्रयोगही लिहून काढायचा. १६६५पासून सभेच्या चिटणिसाने, हेन्री ओल्डेनबर्गने, नियतकालिक सुरू केलं. १७५२मध्ये त्याच नियतकालिकात सभेने जाहीर केलं, की समोर येणाऱ्या कोणत्याही विषयावर सभा म्हणून आम्ही मत देणार नाही. लेख छापला म्हणजे त्यातला निष्कर्ष आम्हाला मान्य आहे असं कुणी समजू नये. सभेचा शब्दसुद्धा ‘कुणाच्याही’मध्ये धरला गेला.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा, कारण आज तो फार पसरला आहे. ‘कुणाच्या शब्दावर विश्वास ठेवू नका’ याचा अर्थ ‘तज्ज्ञांचं ऐकू नका, मोबाइलवर आलेलं वाचा आणि स्वतः ठरवा’ असा लावला जातो. पण मोबाइलवर आलेला निरोप हाही कुणाचा तरी शब्दच आहे, आणि बहुधा ज्याचं नावसुद्धा माहीत नाही अशा माणसाचा. प्रकाशाचा वेग मी मोजलेला नाही, तुम्हीही नसेल. तरी आपण तो मानतो, कारण तो मोजण्याची रीत उघड आहे, वेगवेगळ्या लोकांनी वेगवेगळ्या रीतींनी तो मोजला आहे, आणि मला खरोखर मोजायचाच असेल तर कुणी अडवणार नाही. ब्रीदाचा रोख या दाराकडे आहे. ‘मी सांगतो म्हणून’ एवढ्यावर जो थांबतो, त्याने ते दार लावून घेतलेलं असतं.

खुद्द अध्यक्षांनी शपथ मोडली तेव्हा

शपथ मोडायला फार वर्षं लागली नाहीत, आणि ती मोडणारा माणूस लहान नव्हता.

कलनशास्त्र, म्हणजे अकरावी-बारावीला आपल्याला घाम फोडणारं डेरिव्हेटिव्ह आणि इंटिग्रलचं गणित, कुणी शोधलं यावर न्यूटन आणि जर्मनीचा लाइबनिट्स यांच्यात वाद पेटला. न्यूटनने १६६५-६६च्या सुमारास आपली पद्धत तयार केली, पण छापली नाही. लाइबनिट्सने स्वतःच्या वाटेने ती शोधून १६८४मध्ये छापली. पुढे न्यूटनच्या बाजूच्या जॉन कील नावाच्या गणितज्ञाने लाइबनिट्सवर उचलेगिरीचा आरोप केला. लाइबनिट्स १६७३पासून सोसायटीचा सदस्य होता. त्याने १७११मध्ये सोसायटीकडेच दाद मागितली.

सोसायटीचा अध्यक्ष होता न्यूटन.

मार्च १७१२मध्ये समिती नेमली गेली. दोन महिन्यांच्या आत, २४ एप्रिलला, तिचा अहवाल आला: पहिला शोध न्यूटनचा. लाइबनिट्सला आपली बाजू मांडायला बोलावलंच नव्हतं. अहवाल समितीच्या नावावर असला तरी त्याचा मजकूर न्यूटनने स्वतः लिहिला होता. नंतर त्या अहवालाचं पुस्तक निघालं, आणि १७१५मध्ये सोसायटीच्या नियतकालिकात त्या पुस्तकाचं लांबलचक, बिननावाचं परीक्षण आलं. तेही न्यूटनचंच. फिर्यादी तोच, न्यायाधीश तोच, निकाल लिहिणारा तोच आणि निकालाची वाहवा करणाराही तोच.

न्यूटनचा तारीखवार दावा खोटा नव्हता. त्याला ती पद्धत आधी सुचली होती. आज इतिहासकार मानतात की दोघांनी ती स्वतंत्रपणे शोधली, आणि आपण वहीत जी चिन्हं लिहितो ती लाइबनिट्सची आहेत. तरीही हा प्रसंग मला अस्वस्थ करतो. न्यूटनएवढी बुद्धी असूनही त्याला आपला पक्षपात दिसला नाही. खरं तर बुद्धी जितकी तल्लख, तितकी आपल्याला हवं ते सिद्ध करणारी कारणं पटापट सुचतात. म्हणून ‘तो फार हुशार आणि सच्चा आहे, त्याचा निष्कर्ष निष्पक्षच असणार’ हे म्हणणं पुन्हा बाबावाक्यच ठरतं.

आपल्या न्यायशास्त्राने, म्हणजे जुन्या भारतीय तर्कशास्त्राने, चर्चेचे तीन प्रकार सांगितले होते. सत्य कळावं म्हणून करतात तो वाद, जिंकण्यासाठी करतात तो जल्प, आणि स्वतःची बाजू न मांडता फक्त समोरच्याचं खोडून काढतात ती वितंडा. ‘वितंडवाद’ तेवढा आपल्या रोजच्या बोलण्यात उरला. १७१२चं ते प्रकरण बाहेरून वाद दिसत होतं, आतून जल्प होता. आणि आत बसलेल्याला ते कळत नाही, ही खरी अडचण आहे.

पाट्यावरची चटणी आणि आठ वाट्या

मग करायचं काय? सगळ्यात जुना आणि सगळ्यात साधा उपाय म्हणजे डोळ्यांवर पट्टी.

समजा, तुमची मावशी म्हणते, ‘पाट्यावर वाटलेली चटणी मला जिभेवर ठेवताच कळते, मिक्सरची वेगळी लागते.’ मावशी खोटं बोलत नाही. पण पाटा समोर दिसत असताना चव घेतली तर जीभ किती बोलते आणि डोळे किती, हे मावशीलाही सांगता येणार नाही. म्हणून आठ वाट्या घ्या. चारांत पाट्यावरची, चारांत मिक्सरची. जिन्नस तेच, तिखट-मीठ मोजून तेवढंच, आणि वाटण दिसायला सारखं नसेल तर मावशीने डोळे मिटायचे. वाट्यांचा क्रम चिठ्ठ्या टाकून ठरवायचा, मनाने नाही, कारण मनाने ठरवला की त्यात नकळत एक लय येते आणि समोरच्याला ती सापडते. वाट्या भरणाऱ्याने समोर थांबायचंही नाही. मावशी चुकीच्या वाटीकडे वळली की त्याच्या भुवया हलतील.

मावशीने पाट्यावरच्या चार वाट्या ओळखायच्या. आठांतून चार निवडण्याच्या एकूण ७० रीती आहेत आणि बरोबर त्यातली एकच. म्हणजे नुसत्या नशिबावर चारही ओळखण्याची शक्यता सत्तरात एक. मावशीने हे केलं तर तिचं म्हणणं मानायला हवं. पण तिने चारपैकी तीन बरोबर ओळखल्या तर? घरात सगळे म्हणतील, ‘बघा, जवळजवळ सगळ्या ओळखल्या!’ हिशोब करून पाहा. चारपैकी निदान तीन बरोबर येतील अशा ७०पैकी १७ रीती आहेत. जवळजवळ चारात एक. हे नुसत्या नशिबानेही होतं. आपल्याला पुरावा वाटतो आणि खरा पुरावा असतो, यातलं अंतर इतकं फसवं आहे.

चटणी माझी, पण आठ कपांचा मूळ प्रयोग चहाचा. कपात दूध आधी ओतलं की चहा आधी, हे चवीवरून कळतं असं इंग्लंडच्या रॉथमस्टेड शेतकी संशोधन केंद्रातल्या एका शास्त्रज्ञ बाईंचं म्हणणं होतं, आणि त्यावरून संख्याशास्त्रज्ञ रोनाल्ड फिशरने हा हिशोब मांडला. आज औषधांच्या चाचण्यांपासून बियाण्यांच्या चाचण्यांपर्यंत सगळीकडे त्याच विचाराच्या खुणा सापडतात.

डोळ्यांवरच्या पट्टीचा मोठा प्रयोग त्याच्याही आधीचा, १७८४ सालचा, पॅरिसमधला. फ्रान्झ मेस्मर नावाचा वैद्य सजीवांच्या अंगात वाहणाऱ्या अदृश्य चुंबकशक्तीने रोग बरे करतो, अशी गावभर चर्चा होती. राजाने चौकशी समिती नेमली. तिच्यात रसायनशास्त्रज्ञ लाव्हॉझिए होता आणि तेव्हा अमेरिकेचा राजदूत असलेला बेंजामिन फ्रँकलिनही. फ्रँकलिन अठ्ठ्याहत्तर वर्षांचा आणि आजारी, म्हणून काही प्रयोग पासी इथे त्याच्या घरीच झाले. मेस्मरच्या शिष्याने बागेतलं एक झाड ‘भारलं’. मग बारा वर्षांच्या एका मुलाचे डोळे बांधून त्याला एकेका झाडापाशी नेलं. भारलेल्या झाडापाशी त्याला काहीतरी व्हायला हवं होतं. चौथ्या झाडापाशी मुलगा बेशुद्ध पडला. ते झाड भारलेलं नव्हतंच.

मुलगा ढोंग करत नव्हता. तो खरोखर कोसळला. समितीचा निष्कर्ष असा, की परिणाम खरा आहे, पण तो कल्पनेचा आहे, त्या शक्तीचा नाही. कुणालाही लबाड न ठरवता सत्य वेगळं काढायची ही रीत मला फार माणुसकीची वाटते.

पुण्यातल्या दोनशे पत्रिका

हीच रीत पुण्यात वापरली गेली. खगोलशास्त्रज्ञ जयंत नारळीकर, संख्याशास्त्राचे प्राध्यापक सुधाकर कुंटे, अंधश्रद्धा निर्मूलन समितीचे नरेंद्र दाभोलकर आणि ज्योतिषाचा स्वतः अभ्यास केलेले प्रकाश घाटपांडे यांनी मिळून फलज्योतिषाची चाचणी घेतली. तिचा निष्कर्ष २००९मध्ये ‘करंट सायन्स’मध्ये छापून आला.

शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांची जन्मतारीख, वेळ, ठिकाण कार्यकर्त्यांनी शाळांमधून गोळा केलं. त्यावरून पत्रिका काढल्या, त्यांना सांकेतिक क्रमांक दिले, त्या मिसळल्या आणि विद्यापीठाच्या संख्याशास्त्र विभागात जपून ठेवल्या. ज्योतिष्यांना जाहीर आवाहन केलं. जे पुढे आले त्यांना यादृच्छिक निवडलेल्या प्रत्येकी ४० पत्रिका पाठवल्या. प्रश्न एकच: यातली हुशार मुलं कोणती आणि मतिमंद कोणती?

५१ ज्योतिष्यांनी पत्रिका मागवल्या, २७ जणांनी उत्तरं पाठवली. सरासरी ४६ टक्के उत्तरं बरोबर आली. नाणं उडवलं असतं तर पन्नासच्या आसपास आली असती. सर्वांत चांगली कामगिरी ४०पैकी २४. एका ज्योतिष संस्थेने सगळ्या दोनशे पत्रिका मागवल्या होत्या, तिची १०२ उत्तरं बरोबर निघाली, म्हणजे ५१ टक्के.

या चाचणीतली निष्पक्षता कुठे होती? नारळीकरांचं आणि दाभोलकरांचं ज्योतिषाबद्दलचं मत महाराष्ट्राला आधीपासून ठाऊक होतं. त्यांच्या मनाची पाटी कोरी नव्हती, आणि ती असायची गरजही नव्हती. पत्रिका मिसळून, क्रमांक घालून, चिठ्ठ्यांसारख्या वाटल्यावर त्यांच्या मताला निकालापर्यंत पोचायला वाटच उरली नाही. ज्योतिषी सत्तर टक्के बरोबर आले असते तर तो आकडाही त्यांना त्याच यादीवरून मोजावा लागला असता. आक्षेपाला जागाही उघडी आहे. जन्मवेळ पालकांनी सांगितलेली, ती चुकीची असू शकते, असं कुणी म्हणू शकतो. ठीक आहे, त्याने अधिक काटेकोर जन्मवेळा घेऊन तीच चाचणी पुन्हा करावी. निष्कर्ष खोडायची रीत संशोधकांनी स्वतःच्याच लेखात लिहून दिली आहे.

बाण आधी की वर्तुळ आधी

भिंतीवर बाण मारायचा आणि तो जिथे रुतेल तिथे भोवती वर्तुळ काढायचं, असं केलं तर कुणाचाच नेम चुकत नाही. संशोधनात हे फार होतं, आणि करणारा बहुतेक वेळा प्रामाणिक असतो. समजा, हृदयविकारावरचं औषध तपासायचं आहे. मृत्यू कमी झाले का पाहिलं, नाही झाले. मग रक्तदाब, नाही. मग साठीच्या पुढच्या बायकांमध्ये काही फरक? हो, तिथे दिसतो! निबंध त्यावर लिहिला जातो, आणि आधीचे सगळे ‘नाही’ कपाटात राहतात.

याच्यावरचा उपाय म्हणजे चाचणी सुरू होण्याआधी, आम्ही नेमकं काय मोजणार आणि कशाला यश म्हणणार, हे सार्वजनिक यादीत नोंदवायचं. भारतात अशी नोंदवही २००७मध्ये सुरू झाली आणि जून २००९पासून औषध चाचण्यांना ती सक्तीची आहे. नोंदणीने किती फरक पडतो? अमेरिकेतल्या राष्ट्रीय हृदय, फुफ्फुस व रक्त संस्थेच्या पैशांवर झालेल्या मोठ्या चाचण्यांचा हिशोब २०१५मध्ये दोन संशोधकांनी मांडला. २०००पूर्वीच्या ३० चाचण्यांपैकी १७मध्ये औषधाचा ठळक फायदा दिसला होता. २०००नंतर, नोंदणी आल्यावर, २५पैकी फक्त दोनमध्ये. इतरही कारणं असतील, पण वर्तुळ आधी काढायला लावल्यावर नेम किती वेळा लागतो, याचा अंदाज या दोन आकड्यांवरून येतो.

इतकं सगळं केलं तरी एक मोठी फट राहतेच: प्रश्न कोण विचारणार? हर्था एर्टन यांनी विजेच्या ठिणगीच्या प्रवाहावर मोलाचं काम केलं. १९०२मध्ये रॉयल सोसायटीच्या सदस्यत्वासाठी त्यांचं नाव सुचवलं गेलं, पण विवाहित स्त्रीला सदस्य होता येत नाही असा कायदेशीर सल्ला घेऊन ते नाकारलं गेलं. १९०६मध्ये त्याच सोसायटीने त्यांना पदक दिलं. पहिल्या दोन स्त्रिया सदस्य झाल्या त्या १९४५मध्ये. मुंबईच्या जहाजबांधणी करणाऱ्या वाडिया घराण्यातले अर्देशीर कर्सेटजी मात्र १८४१मध्येच सदस्य झाले होते, पहिले भारतीय. ‘कुणाच्याही शब्दावर नाही’ म्हणणाऱ्या सभेने अर्ध्या मानवजातीचा शब्द ऐकलाच नव्हता, आणि तोही जवळजवळ तीन शतकं. वाट्या कितीही झाका, त्या कुणी भरायच्या आणि कोणती चटणी तपासायची, हे पट्टी बांधण्याआधीच ठरलेलं असतं. यावर मला एकच उपाय दिसतो. टेबलाभोवती वेगवेगळे पूर्वग्रह असलेली माणसं हवीत, म्हणजे एकाचा आंधळा कोपरा दुसऱ्याला दिसेल. विल्किन्स आणि मरे एका खोलीत बसले, त्याचा फायदा हाच होता.

भांडारकर संस्थेतली नागमोडी रेघ

प्रयोगशाळेत पट्टी बांधता येते. जुन्या पोथ्यांच्या कामात काय करायचं? इथे कोळी नाही, वाट्या नाहीत, आणि ग्रंथ असा की ज्यावर कोट्यवधींचं प्रेम आहे.

पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेने १९१९मध्ये महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचं काम हाती घेतलं. ते संपलं १९६६मध्ये. १,२५९ हस्तलिखितं तपासली गेली: काश्मीरच्या शारदा लिपीतली, नेपाळी, बंगाली, देवनागरी, तेलुगू, ग्रंथ (ही दक्षिणेतली एक जुनी लिपी), मल्याळम. १९२५मध्ये विष्णु सीताराम सुकथनकर यांच्याकडे संपादनाची धुरा आली. ते केंब्रिजमध्ये गणित शिकलेले आणि नंतर बर्लिनमध्ये संस्कृताकडे वळलेले. त्यांच्या कामात तो गणिती कणखरपणा दिसतो.

त्यांनी नियम आधी ठरवला. जे सगळ्या परंपरांत आहे ते संहितेत. जे काही मोजक्याच पोथ्यांत आहे, आणि एकमेकींशी संबंध नसलेल्या दूरच्या परंपरांत नाही, ते मागून आलेलं मानायचं, मग तो भाग कितीही सुंदर असो, कितीही लाडका असो. सतराव्या शतकात नीलकंठ चतुर्धरांनी ज्या पाठावर टीका लिहिली तो देशभर प्रचलित होता. नीलकंठ मूळचे गोदाकाठचे, कोपरगावचे. आपल्या माणसाचा पाठ म्हणून पुण्याच्या संपादकांनी त्याला झुकतं माप दिलं नाही.

नियम लावला तेव्हा काय झालं पाहा. व्यास सांगताहेत आणि गणपती लिहून घेतोय, ही आपण लहानपणापासून ऐकलेली कथा संहितेतून निघाली. ज्या पुण्यात कोणतंही काम गणपतीच्या नावाने सुरू होतं, त्या पुण्यातल्या संपादकाने हे केलं. सभापर्वाचं संपादन फ्रँकलिन एजर्टन या अमेरिकन पंडिताकडे होतं. तिथे द्रौपदीने कृष्णाचा केलेला धावा मूळ संहितेत राहू शकला नाही. वस्त्रं निघत राहतात, ती नग्न होत नाही, पण तिने हाक मारली आणि कृष्ण आला, एवढा भाग पुरेशा पोथ्यांच्या आधारावर उभा राहत नाही. मी ते पान पहिल्यांदा वाचलं तेव्हा गलबलले होते. कीर्तनात त्या जागी सगळा मंडप रडतो, हे मी पाहिलं आहे. आणि तरीही संपादकांचा आदर वाटला, कारण हा निर्णय घेताना त्यांच्या मनातही काही हललं असणारच. नियमाने तिथे मनाला मत दिलं नाही.

पण काढलेलं त्यांनी फेकून दिलं नाही. गणपतीची कथा परिशिष्टात आहे, द्रौपदीचा धावाही आहे, अक्षरन्‌अक्षर. आवृत्तीचं कोणतंही पान उघडा: वर थोडी संहिता आणि खाली बारीक टायपात कोणत्या पोथीत कोणता शब्द आहे, याच्या ओळीच्या ओळी. काही पानांवर मूळ श्लोकांपेक्षा या नोंदींनी जास्त जागा व्यापली आहे. संपादकाचा निर्णय तुम्हाला पटला नाही तर त्याच पानावर, त्याच्याच शाईत, त्याच्याविरुद्धचा पुरावा तुमच्या हाती दिलेला आहे. कोळी एकदा पुडीवर थबकला, ही नोंद आणि या तळटीपा यांच्यात मला एकच हात दिसतो.

आणि संहितेतल्या काही शब्दांखाली एक नागमोडी रेघ आहे. पोथ्यांचा कौल पुरेसा स्पष्ट नाही, म्हणून हा शब्द आम्ही निवडला असला तरी आमची पूर्ण खात्री नाही, असं ती रेघ सांगते. सत्तेचाळीस वर्षं चाललेल्या कामात, एकेका अक्षरासाठी डझनावारी पोथ्या ताडून पाहिल्यावर, संपादकांनी पानापानांवर ती रेघ काढून ठेवली आहे. कधी संस्थेत गेलात तर आदिपर्वाचा खंड मागून घ्या आणि ती शोधा. सापडायला वेळ लागत नाही.